तिरडी कोणी अडवली नव्हती

मी चौथीपर्यंत शिकलो. जन्मभर केळीच्या गाड्या भरल्या, कागद-पेनाशी काही संबंध आला नाही. तरी लिहायला बसलो, कारण तोंडानं सांगून पाहिलं आणि त्याचा काही उपयोग झाला नाही. माझ्या बायकोच्या मयतीचं गावात सगळ्यांना माहीत आहे आणि सगळ्यांना चुकीचं माहीत आहे. ते चुकीचं माझ्या तोंडून गेलेलं आहे.

आमची गल्ली आणि लूमवाल्यांची गल्ली यांच्या मधून एक उघडी नाली जाते. अलीकडे आम्ही, केळीच्या मंडीत काम करणारे, एखाद-दुसरा मास्तर, किराणावाले, सगळे हिंदू. पलीकडे पावरलूमवाले मुसलमान. नाली दोघांची, घाणही दोघांची. पावसाळ्यात तिचं पाणी आमच्या ओट्यावर चढतं आणि त्यांच्या कारखान्यातही शिरतं. वार्डाचा पार्षद, म्हणजे नगरसेवक, कधी इकडचा झाला, कधी तिकडचा. इकडचा म्हणायचा की नालीचं तोंड त्यांच्याकडे दबलंय, तिकडचा म्हणायचा की तुमच्या लोकांनी ओटे पुढे घेतले. असं करत आम्ही म्हातारे झालो.

माझी बायको जसोंडी गावची. लग्न होऊन शहरात आली तेव्हा तिला शेतातल्या कामाशिवाय काही येत नव्हतं. इथं येऊन ती कांड्या भरायला शिकली. म्हणजे लूमच्या धोट्यात जी काडी बसते तिच्यावर चरख्यानं सूत गुंडाळायचं. आमच्या गल्लीतल्या बऱ्याच बायका ते करायच्या. सकाळी पलीकडून सूत आणायचं, संध्याकाळी भरलेल्या कांड्यांची टोपली नेऊन द्यायची. ती एकाच कारखानेवाल्याचं काम करायची, शेवटपर्यंत. तो माझ्याच वयाचा, पांढरी दाढी, थोडा लंगडत चालणारा माणूस. तिला भाभी म्हणायचा. मला रस्त्यात दिसला की “कैसे हो भाऊ” म्हणायचा, मी मान हलवायचो. यापलीकडे माझं त्याच्याशी बोलणं नव्हतं. तिचं होतं. त्याच्या घरात कोणाला दिवस गेले, कोणाचं पटत नाही, सगळं तिला माहीत. तिच्या गुडघ्यांना कोणतं तेल लागतं ते त्याच्या बायकोला माहीत. मला हे फारसं आवडायचं नाही, हे खरं सांगून टाकतो. घरात मी एक शब्द बोलायचो तेव्हा ती पलीकडे दहा बोलून आलेली असायची.

वार्डाचं इलेक्शन लागणार असं झालं तेव्हा तिच्या डोक्यात एक गोष्ट आली. पार्षद इकडचा नको, तिकडचाही नको, नालीचा पाहिजे, असं ती म्हणायची. आमच्या गल्लीत शिवणकाम करणारी एक ताई आहे. नवरा नाही, तोंडाची खरी, दोन्ही गल्ल्यांच्या बायकांचे ब्लाऊज तीच शिवते, त्यामुळे दोन्हीकडच्या घरांत तिला येणं-जाणं. बायकोनं तिला उभं राहायला लावलं, अपक्ष. ताई नको-नको म्हणत होती. मग बायको टोपली घेऊन घरोघर फिरली, आधी आमच्याकडे, मग पलीकडे. बायकांनी आपसात ठरवलं की पुरुष काहीही सांगोत, मत ताईला द्यायचं, आणि ताईनं निवडून आल्यावर पहिलं काम नाली, दोन्ही बाजूंनी, एका वेळी. चिन्ह बादली मागायचं ठरलं. त्यावर बायका किती हसल्या. नालीला बादली, अजून काय पाहिजे, असं चाललं होतं त्यांचं.

ऊन डोक्यावर असताना ती फिरायची. मी ओरडायचो. तुला काय पार्षद व्हायचंय का, असं विचारायचो. ती म्हणायची, व्हायचं असतं तर तुम्हाला विचारलं असतं का. त्यात तिला काय म्हणायचं असायचं ते मला कधी कळलं नाही, पण ती हसायची म्हणून मी गप्प बसायचो.

एक दिवस दुपारी पलीकडून आली, भिंतीला टेकली आणि छातीत दुखतंय म्हणाली. दवाखान्यात नेलं. संध्याकाळी गेली. एवढंच. माणूस जायला इतकाच वेळ लागतो हे मला तोवर माहीत नव्हतं.

आम्हाला मूलबाळ नाही, म्हणून मडकं मीच धरलं. सकाळी मयत निघाली. तापीकाठी घाटावर जायचं तर आमची वाट पहिल्यापासून लूमवाल्यांच्या गल्लीतून जाते. त्या गल्लीच्या वळणावर एक कडुनिंब आहे. तिथं विसावा. आमच्याकडे मयतीला मधे एकदा तिरडी खाली ठेवतात, खांदेकरी बदलतात, तिरडीची दिशा फिरवतात आणि मग पुढे जातात. माझ्या बापाची तिथंच ठेवली होती, आईची तिथंच. तेव्हा तिथं लूम नव्हते, मोकळी जागा होती. गल्ली नंतर उभी राहिली, विसावा जागेवरच राहिला आणि त्याला कोणी कधी काही म्हटलं नाही.

त्या दिवशी वळणाच्या पुढे सुताच्या गाठोड्यांचा एक टेम्पो उभा होता. गल्ली अरुंद, बाजूनं जायला जागा नाही. ड्रायव्हर चहाला गेलेला. आम्हाला तसंही थांबायचंच होतं, आम्ही तिरडी ठेवली. तेवढ्यात तो कारखानेवाला बाहेर आला. त्याला रात्रीच कळलं असणार. त्यानं आपल्या माणसांना हाका मारल्या, त्यांनी टेम्पो हातानं ढकलत ढकलत मागे नेला. एक जण आत गेला आणि लूम बंद झाले. मग शेजारचे बंद झाले, मग त्याच्या पलीकडचे. त्या गल्लीत मी कधी शांतता ऐकली नव्हती. खडखड इतकी असते की तिथं लोक ओरडून बोलतात. ती सगळी गल्ली गप्प झाली.

त्यानं खांदेकऱ्यांना पाणी आणलं. माझ्या हातात मडकं होतं, म्हणून त्यानं तांब्या माझ्या तोंडाला लावला. मी प्यालो. तो म्हणाला, “भाभी गयी, भाऊ.” गल्लीच्या टोकापर्यंत तो लंगडत आमच्याबरोबर आला.

असं झालं होतं. यात एक शब्दही कमी-जास्त नाही.

त्यानंतरचे दिवस कसे गेले ते ज्याची बायको गेली त्यालाच कळेल. घरात चरखा होता, अर्धी टोपली कांड्या होत्या, तिची चप्पल होती. मला राग येत होता. कोणाचा, ते कळत नव्हतं. डॉक्टरचा आला, देवाचा आला, मग ताईचा आला, कारण तिच्यापायी बायको उन्हात फिरली. मग पलीकडच्या गल्लीचा आला. मला वाटायला लागलं की माझी बायको त्या गल्लीनं खाल्ली. रोज थोडी थोडी घेतली आणि शेवटी सगळीच. आता लिहिताना हे वेडेपणाचं दिसतं. तेव्हा मला ते दगडासारखं खरं वाटत होतं.

पक्षाचं काम करणारा एक जण आमच्याच गल्लीत राहतो. बोलायला मऊ, पाया पडणारा. बायको जिवंत असताना कधी घरी आला नव्हता, पण ती गेल्यावर रोज यायला लागला. त्याच्या घरून डबा यायचा. दहाव्याला मंडप, खुर्च्या, सगळं त्यानं पाहिलं. दहाव्याचं उरकून मी बसलो होतो, तर जवळ येऊन बसला. म्हणाला, बाबा, काकीची मयत त्या गल्लीत थांबवली होती म्हणे.

मी म्हटलं, पुढे टेम्पो होता.

“टेम्पो कोणाचा होता, बाबा?”

मी म्हटलं, त्यांचाच, अजून कोणाचा असणार.

त्यानं एवढंच विचारलं. टेम्पो मग कोणी हटवला, हे त्यानं विचारलं नाही आणि मी सांगितलं नाही. आम्ही तिथं का थांबलो हे त्याला माहीत होतं, तो याच गल्लीत वाढला, त्याच्या आजोबाची तिरडीही त्याच निंबाखाली ठेवली होती. तरी त्यानं मान हलवली, जणू काही नवीन कळलं.

दुसऱ्या दिवशी सकाळपासून माझ्याकडे माणसं यायला लागली. आमच्या गल्लीतली, मागच्या मोहल्ल्यातली, शाहपूरहून मंडीत येणारीही. सगळ्यांच्या मोबाईलवर आलं होतं की एका म्हाताऱ्या हिंदू बाईची तिरडी टेम्पो आडवा लावून अडवली. दुपारपर्यंत त्यात असं आलं की मुद्दाम लूम चालू ठेवले. संध्याकाळी कोणीतरी त्यात दगडही घातला, तिरडीवर मारलेला. मला सगळं दाखवत होते, वाचून दाखवत होते. मी ओट्यावर बसलो होतो आणि माझ्यासमोर माणसं उभी होती, हात जोडून. बायको गेल्यापासून घर रिकामं होतं. आता ते भरलं होतं. मी एकदाही म्हटलं नाही की दगड कोणी मारला नाही. लूम बंद होते हे म्हटलं नाही. मी त्यांच्या हातचं पाणी प्यालो हे तर मुळीच म्हटलं नाही. मान खाली घालून बसलो, आणि दुःखातला माणूस मान खाली घालून बसला की लोक हो समजतात. हे मला माहीत होतं.

मयतीला किती माणसं होती तिथं. पण जी मागे होती त्यांना पुढचं काही दिसलं नव्हतं. गल्ली वाकडी आहे, मयत थांबली एवढंच त्यांना कळलं होतं. तीच माणसं विचारायला लागली की पुढे खरंच काय झालं. पुढे होते ते खांदेकरी आणि मी. खांदेकऱ्यांत माझा मेहुणा होता, बायकोचा सख्खा भाऊ, जसोंडीचा. तो माझ्याकडे पाहायचा. मी बोलत नाही म्हटल्यावर तो कशाला बोलेल. ज्याची बायको गेली तोच गप्प आहे, त्याला खोटं कसं पाडायचं. तोही पाणी प्यालेला होता.

मग सभा झाली, चौकात. मला खुर्चीवर बसवलं. शेजारी बायकोचा फोटो, हार घातलेला. तो फोटो तिच्या आधार कार्डासाठी काढलेला, त्यात ती घाबरल्यासारखी दिसते. भाषणं चालली होती, नालीचं कोणी नाव काढलं नाही. आपल्या मयतींना रस्ता राहणार की नाही, एवढंच चाललं होतं. मग त्या पक्षवाल्यानं माझ्या हातात माईक दिला. काय बोलायचं हे मला कोणी शिकवलं नव्हतं. हे मी मुद्दाम लिहितोय, कारण नंतर काही लोक माझी बाजू घेऊन म्हणाले की म्हाताऱ्याला पढवलं. कोणी पढवलं नाही. मी माझ्या मनानं म्हटलं, “माझ्या बायकोला शांतपणे जाऊ दिलं नाही.”

आणि मला रडू आलं. खूप. मयतीला आलं नव्हतं तेवढं. लोकांनी घोषणा दिल्या. कोणीतरी मोबाईलवर ते घेत होतं.

दुसऱ्या दिवशी ताई आली. ओट्यावर नाही बसली, उंबऱ्यात बसली. तिनं आधी इकडचं-तिकडचं काही काढलं नाही. म्हणाली की आपल्या बायका आता पलीकडे कांड्या घ्यायला जात नाहीत, घरच्यांनी बंद केलं. पलीकडच्या बायकांनाही त्यांच्या पुरुषांनी सांगितलंय की हे लोक आपल्याला तिरडी अडवणारे म्हणतात, आता आपला माणूस उभा करायचा. त्यांनी केलाही होता, अर्ज भरायच्या शेवटच्या दिवशी. त्यांच्याकडेही असा एक मऊ बोलणारा असणारच. ताई म्हणाली, काकीनं दोन महिने फिरून जे बांधलं होतं ते पंधरा दिवसांत सुटलं. मतदानाला अजून दिवस आहेत. तुम्ही चौकात उभं राहून एवढंच सांगा की कोणी अडवलं नाही. बादलीला मत द्या असं म्हणू नका, माझं नावही घेऊ नका. फक्त खरं सांगा.

मी म्हटलं, मला काही आठवत नाही.

“काका, मडकं तुमच्या हातात होतं. तुम्ही सगळ्यांच्या पुढे होता. टेम्पो कोणी ढकलला?”

मी म्हटलं, माझी बायको मेली होती, मी टेम्पो पाहत बसू का.

ती म्हणाली, “काकीनंच मला उभं केलं, काका. मी नको म्हणत होते.”

तेव्हा मी जे बोललो ते बायकोनं ऐकलं असतं तर तिनं मला घराबाहेर काढलं असतं. मी म्हटलं, तुला उभं करायला फिरली म्हणून मेली. ताई उठली. पदर सारखा केला आणि गेली. दारात तिची चप्पल अडखळली, तेवढा आवाज झाला.

मतदानाला मी गेलो. मशीनसमोर उभा राहिलो आणि बादलीचं बटण दाबलं. हे सांगून मी सुटतोय असं कोणी समजू नये. पडद्याआड, जिथं कोणी पाहत नाही, तिथं मी बायकोचं ऐकलं, आणि चौकात, जिथं सगळे ऐकत होते, तिथं गप्प राहिलो. माझं एक मत बादलीला गेलं. माझ्या त्या एका वाक्यानं किती गेली ते कोण मोजणार.

ताई पडली. बायकांची मतं इकडे गेली, तिकडे गेली, थोडी तिला मिळाली. पक्षाचा माणूस निवडून आला. त्यानं नाली केली, असं नाही की केली नाही. आमच्या बाजूनं केली. सिमेंटची, वरून झाकलेली, छान. लूमवाल्यांच्या गल्लीच्या तोंडाशी येऊन थांबवली. पुढचं नंतर, असं म्हणाले. आता आमच्याकडे पाणी चढत नाही. सगळं जोरानं वाहत जातं आणि तिथं ओततं. पहिल्याच पावसाळ्यात त्या कारखानेवाल्याच्या लूमांखाली पाणी शिरलं. आमचे लोक ओट्यावर बसून ते पाहत होते. कोणी आनंदानं पाहत होतं असं मी म्हणणार नाही. पण ओटा कोरडा असला की माणूस निवांत बसतो. मीही बसलो होतो.

त्या पाण्यात त्याची माणसं सुताची गाठोडी डोक्यावर घेऊन बाहेर काढत होती. तीच माणसं, ज्यांनी टेम्पो ढकलला होता. काहींचे चेहरे मला ओळखता येत होते.

पाणी उतरल्यावर मी त्याच्याकडे गेलो. किती दिवसांनी त्या गल्लीत पाय ठेवला. लोक दारांतून बघत होते. तो कारखान्याच्या पायरीवर बसून लूमचा एक भाग तेल लावून पुसत होता, पाण्यानं गंज धरला होता. मी उभा राहिलो. त्यानं बस म्हटलं नाही. मी म्हटलं, भाऊ, मी खोटं बोललो. तुम्ही अडवलं नव्हतं.

तो पुसायचा थांबला नाही. म्हणाला, “मला काय सांगतो? मैं तो वहीं था. ज्यांना सांगितलंस ना, त्यांना जाऊन सांग.”

त्यानं माफ केलं असतं तर मला बरं वाटलं असतं. शिवी दिली असती तरी चाललं असतं. पण त्याला माझ्याकडून काही नको होतं. मी परत आलो.

बायकोचं वर्षश्राद्ध आलं. मी ठरवलं की तिथंच सांगायचं, सगळ्यांसमोर, पंगतीत. जेवायला सगळे येतात, मयतीला आलेले जवळजवळ सगळे होते. मेहुणा होता. पक्षवाला तर वाढायलाच उभा होता, कमरेला पंचा बांधून, वरणाची बादली हातात. ताई आली होती, बायकांच्या पंगतीत बसली. मी तिला बोलवायला स्वतः गेलो होतो. ती येईल असं वाटलं नव्हतं. आली, पण माझ्याशी बोलली नाही.

पानं वाढून झाली तेव्हा मी उभा राहिलो. म्हटलं की आज तिचा दिवस आहे आणि तिच्या नावानं मी खोटं बोललो. तिरडी कोणी अडवली नव्हती, आपण विसाव्याला ठेवली होती. टेम्पो त्यांनीच हटवला, लूम बंद केले, आणि आपल्याला पाणी पाजलं. मी प्यालो. मेहुण्याकडे बोट करून म्हटलं, हाही प्याला.

सगळे माझ्याकडे बघत होते. मेहुण्यानं भात कालवला आणि खाली मान घालून म्हणाला, “दाजी, जेवा आधी.”

एक जण म्हणाला की झालं ते झालं. दुसरा म्हणाला, नसेल अडवली, पण अडवली असती तर? त्यावर दोघा-तिघांनी माना हलवल्या. मी म्हटलं, अरे पण अडवली नाही ना. तो म्हणाला, बाबा, तुम्ही भोळे आहात. तेव्हा मला कळलं की त्या गोष्टीला आता माझी गरज उरली नव्हती. तिला मी जन्म दिला, पण ती माझ्या हातातून कधीच निघून गेली होती. जे पाहिलं नाही ते लोकांना माझ्या डोळ्यांपेक्षा जास्त खरं वाटत होतं.

पक्षवाला बादली घेऊन माझ्यापर्यंत आला. माझ्या पानावर वरण वाढलं, वर तूपही सोडलं, आणि हळू आवाजात म्हणाला, “बाबा, आज काकीचा दिवस आहे. आज राजकारण नको.”

मी बसलो. काय खाल्लं ते आठवत नाही. बायकांच्या पंगतीत ताई जेवत होती, पान स्वच्छ करून उठली. जाताना माझ्याजवळ थांबली. म्हणाली, “आज बोललात, काका. तेव्हा तुमचं ऐकत होते.” टोमणा होता की नुसतं खरं, मला कळलं नाही. दोन्ही असेल.

आता मोठं इलेक्शन आलंय. परवा पक्षवाला पुन्हा घरी आला, पाया पडला, तब्येत विचारली. मी त्याला आधीच सांगून टाकलं की मी कोणत्याही सभेला येणार नाही, आणि आलो तर पंगतीत बोललो तेच बोलेन. त्याला वाईट वाटलं नाही. म्हणाला, तुम्ही त्रास घेऊ नका बाबा, तुमचा तो व्हिडिओ आहे ना. आणि खिशातून मोबाईल काढून मला दाखवला. मी तो पहिल्यांदाच पाहिला. मी खुर्चीवर, शेजारी ती, घाबरलेली. ते वाक्य. मग रडणं, मग घोषणा. शेवटी खाली मोठ्या अक्षरांत काहीतरी लिहून आलं, ते मी वाचलं नाही. म्हटलं, काढून टाक हे. तो म्हणाला, माझ्यातून काढलं तरी काय बाबा, पार देडतलाई गावापासून सगळीकडे गेलंय.

मी ताईकडे गेलो. म्हटलं, तुझ्या मोबाईलवर माझा दुसरा काढ. ती मशीनवर बसली होती, तिनं पाय थांबवला, माझ्याकडे पाहिलं. काढला तिनं. तिच्या दुकानाच्या भिंतीपुढे उभं राहून मी सगळं सांगितलं, सावकाश, विसाव्यापासून पाण्यापर्यंत. चुकलो तिथं परत सांगितलं. ताईनं तो पाठवला, ज्यांना पाठवता येईल त्यांना.

थोड्या लोकांनी पाहिला. खाली लिहिलेलं ताईनं मला वाचून दाखवलं, मी आग्रह केला म्हणून. म्हाताऱ्याला कोणीतरी पढवलंय. पाठ करून बोलतोय. पहिल्यात बघा कसा रडतोय, ते खरं. एकानं लिहिलं होतं की ज्याची बायको गेली तो असा कोरड्या डोळ्यांनी बोलत नाही.

ते एक त्याचं चूक नाही. दुसऱ्यात मी रडत नाही. पहिल्यात रडतोय, आणि ते रडणं खरं होतं.